दिनविशेषाची वही

(रविवार, १० ऑगस्ट २०२५ रोजी आपल्या स्नेहमेळाव्यात केलेले भाषण)



संयोजकांनी मला सांगितलं होतं, "तू कॉम्प्युटरवाली आहेस, तू एआयवर बोल." मी म्हटलं, त्यावर हल्ली घरातली पोरंच आपल्याला व्याख्यान देतात. मी फळ्यावर बोलते. ऑफिसशेजारी, जिन्याखाली जो छोटा फळा होता, त्याच्यावर. वर सुविचार, मधे वार, तारीख आणि तिथी, खाली 'आजचा दिनविशेष', आणि अगदी तळाला पटसंख्या आणि उपस्थिती. आठवतोय ना? ज्यांना आठवत नसेल, ते उशिरा येणाऱ्यांपैकी. कारण उशिरा येणारे त्याच फळ्यासमोर उभे केले जायचे, आणि तेव्हा ते डोळे खाली घालून उभे असायचे.

आठवीपासून तो फळा लिहायचं काम दोघींकडे होतं. एक मी. दुसरी कोण, ते सांगणार आहे, पण नाव घेणार नाही. तिनेच बजावलंय, "भाषणात माझं नाव घ्यायचं नाही." ती इथे बसलेली आहे. कृपया माना वळवू नका.

आम्ही एक दिवसाआड लिहायचो. सकाळी पावणेसातला यायचं, ओल्या फडक्याने फळा पुसायचा, वाळेपर्यंत खडूला टोक करायचं. मजकूर मात्र आदल्या दिवशी वहीत उतरवून बाईंना दाखवायचा. दोनशे पानी वही होती. मी त्यात वर्तमानपत्रातल्या दिनविशेषाच्या चौकटीतून उतरवून काढायची. जन्म, मृत्यू, घटना. कुठल्या तरी देशाला स्वातंत्र्य, कुठल्या तरी शास्त्रज्ञाचा जन्म. त्या देशाचं नाव मला धड वाचता यायचं नाही, पण अक्षर सुंदर काढायची.

आता ९ ऑगस्ट १९९३ची गोष्ट. सोमवार होता. आपण नववीत होतो. खरं तर त्या दिवशी पाळी तिची होती, पण मजकूर मी काढला होता. मी वहीत लिहिलं होतं, 'क्रांतीदिन. १९४२ साली याच दिवशी भारत छोडो आंदोलन सुरू झाले.' बाईंनी लाल पेनने 'ती' गोल केली. "समासात पहिला शब्द ऱ्हस्वान्त. क्रांतिदिन." बाई, तुम्ही समोर बसला आहात म्हणून सांगते, आजही कुणी व्हॉट्सॲपवर दीर्घ 'ती' पाठवली की माझा हात लाल पेन शोधतो.

आणि तिने वही हातात घेऊन विचारलं, "यात आपल्या किल्ल्याचं कुठंय?"

मी म्हटलं, "पेपरात नाहीये."

ती म्हणाली, "पेपर पुण्याला छापतात. किल्ला आपल्याकडे आहे."

ती भिंगारकडून यायची. किल्ला रोज तिच्या वाटेवर. मीही नगरची, पण मला किल्ला म्हणजे सहलीला जायची जागा. तिने माझ्या ओळीखाली स्वतःच्या अक्षरात लिहिलं, 'याच दिवशी नेहरू, पटेल, मौलाना आझाद यांना अटक करून आपल्या अहमदनगरच्या किल्ल्यात आणले.' फळ्यावर त्याच्या बाजूला तिने बुरूज काढला. बुरूज कसला, उलटी बादली दिसत होती. पण त्या दिवशी फळ्यासमोर पोरं थांबली होती. एरवी कुणी थांबायचं नाही.

त्या एका ओळीमुळे मला पुढे तारखांचा नाद लागला. म्हणून आज तुम्हाला थोडा त्रास देते.

१९४२च्या ९ ऑगस्टला रविवार होता. आदल्या रात्री मुंबईत गवालिया टँकवर ठराव झाला आणि पहाटेच धरपकड झाली. खास गाडीने सगळ्यांना मुंबईबाहेर काढलं. गांधीजींना चिंचवडला उतरवून आगाखान पॅलेसमध्ये नेलं. काँग्रेस कार्यकारिणीची मंडळी तशीच पुढे दौंडमार्गे नगरला आणली. किल्ल्यात पुढे एकूण बारा जण होते. आझाद, नेहरू, वल्लभभाई पटेल, गोविंद वल्लभ पंत, आचार्य नरेंद्र देव, आचार्य कृपलानी, आपले शंकरराव देव, पट्टाभी सीतारामय्या, असफ अली, सय्यद महमूद, हरेकृष्ण महताब आणि प्रफुल्लचंद्र घोष. आपल्याला तीन नावं पाठ असतात, म्हणून मुद्दाम बाराही घेतली.

यातल्या असफ अलींचं बघा. नवऱ्याला पोलिसांनी नगरच्या गाडीत बसवलं, आणि त्याच दिवशी सकाळी बायकोने, अरुणा असफ अलींनी, गवालिया टँकवर तिरंगा फडकवला. एकाच घरातल्या एकाच दिवसाच्या या दोन गोष्टी. पण दिनविशेषात झेंड्याची ओळ असते, गाडीची नसते. किंवा गाडीची असली तर झेंड्याची नसते.

आता एक दिवस आधीचं. ८ ऑगस्ट १८०३. आर्थर वेलस्ली, जो पुढे वॉटर्लूला नेपोलियनला हरवून ड्यूक ऑफ वेलिंग्टन म्हणून गाजला, त्याने या तारखेला नगरच्या पेठेच्या तटाला शिड्या लावल्या. तेव्हा नगर दौलतराव शिंद्यांकडे होतं. पेठ त्याच दिवशी पडली. १० ऑगस्टला पहाटे त्याच्या तोफा किल्ल्यावर सुरू झाल्या. म्हणजे आजची तारीख. १२ ऑगस्टला किल्ला इंग्रजांच्या हाती गेला.

८ ऑगस्टला इंग्रज तट चढून नगरात शिरले, आणि १३९ वर्षांनी ८ ऑगस्टलाच मुंबईत त्यांना 'चालते व्हा' म्हणणारा ठराव झाला. हे मला पहिल्यांदा कळलं तेव्हा अंगावर काटा आला होता. वाटलं, काहीतरी संकेत असणार.

पण मी इंजिनिअर झाले, आणि इंजिनिअरला काटा आला की तो आधी आकडेमोड करतो.

वर्षाचे दिवस ३६५, आणि इतिहासात घडलेल्या गोष्टी अगणित. कुठलीही तारीख घ्या, तिच्यावर गर्दी असणारच. एका खोलीत नुसती २३ माणसं असली, तरी त्यांतल्या कुठल्या तरी दोघांचा वाढदिवस एकाच तारखेला असण्याची शक्यता निम्म्याहून जास्त असते. ५७ माणसं झाली की ती ९९ टक्क्यांवर जाते. आपला वर्ग ५८चा. म्हणजे आपल्यात एक जोडी निघणं जवळजवळ ठरलेलंच.

हे गणित मी आपल्या वर्गाला लावून बघितलं आणि तोंडावर आपटले. शाळेच्या रजिस्टरप्रमाणे आपल्यातल्या सहा जणांचा जन्म १ जूनचा आहे! हसू नका, त्या सहांतले चार आज पहिल्या रांगेत आहेत. कारण तुम्हाला माहीत आहे. घरी जन्मतारीख कुणी लिहून ठेवलेली नव्हती. "पाऊस लागला होता, त्या साली" एवढं आजीला ठाऊक. नाव घालायला आलेल्या वडिलांना गुरुजी म्हणाले, "लिहा १ जून, शाळा जूनमध्येच सुरू होते, वय बरोबर बसतं." महाराष्ट्रातले किती तरी गुरुजी त्यामुळेच ३१ मेला एकदम निवृत्त होतात. ३१ मे हीच अहिल्याबाईंच्या जन्माची तारीख, १७२५ साली, आपल्याच जिल्ह्यातल्या चौंडीला. तो मात्र गुरुजींच्या सोयीने लिहिलेला नाही.

थोडक्यात, तारीख ही आपण समजतो तेवढी पक्की गोष्ट नाही. माझं निम्मं आयुष्य तारखांशी भांडण्यात गेलंय. आमच्या कामात सगळ्यात जास्त रात्री जागवणारी गोष्ट म्हणजे तारीख. युनिक्सवर 'कॅल' नावाची एक जुनी आज्ञा आहे, ती कॅलेंडर छापते. तिला सप्टेंबर १७५२ विचारा, २ तारखेनंतर थेट १४ येते. पहिल्यांदा बघणाऱ्याला वाटतं, प्रोग्रॅममध्ये चूक आहे. चूक नाही. इंग्लंडने त्या वर्षी जुनं कॅलेंडर सोडून आजचं घेतलं आणि अकरा दिवस गाळले. आपल्या नगरचा स्थापना दिवस आपण २८ मे १४९० मानतो. ती तारीख जुन्या कॅलेंडरची आहे. आजच्या कॅलेंडरने मांडली तर ६ जून येते.

आणि जागा बदलली तरी तारीख बदलते. ९ ऑगस्ट १९४५ला नागासाकीवर अणुबॉम्ब पडला. तिथल्या घड्याळात सकाळचे ११ वाजून २ मिनिटं झाली होती. विमान आधी कोकुरा गावावर गेलं होतं, तिथे खालचं नीट दिसेना म्हणून नागासाकीकडे वळलं. ज्या शहराने बॉम्ब टाकायला सांगितला, त्या वॉशिंग्टनमध्ये तेव्हा ८ ऑगस्टची रात्र होती. जपानी माणूस ९ तारीख पाळतो. त्याच क्षणाला वॉशिंग्टनच्या घड्याळात ती तारीख लागलीही नव्हती.

मग ९ ऑगस्ट म्हणजे नक्की काय? लखनौजवळच्या माणसाला तो काकोरीचा दिवस, १९२५चा, म्हणजे कालच त्याला शंभर वर्षं झाली. जपान्याला नागासाकीचा. आपल्या अकोले तालुक्यातल्या माणसाला तो जागतिक आदिवासी दिन. १९८२ साली याच तारखेला संयुक्त राष्ट्रांच्या आदिवासींसाठीच्या कार्यगटाची पहिली बैठक भरली होती, त्यावरून तो दिवस ठरला. आणि यंदा आपल्याकडच्या सगळ्या बहिणींना तो राखीचा दिवस होता. म्हणून तर आपला मेळावा काल न ठेवता आज ठेवला, नाहीतर निम्मा वर्ग माहेरी असता आणि उरलेला निम्मा बहिणीची वाट बघत.

आता मला सगळ्यात आवडणारी गोष्ट सांगते. नेहरूंनी 'डिस्कव्हरी ऑफ इंडिया' आपल्या किल्ल्यात लिहिलं, १९४४ सालच्या एप्रिल ते सप्टेंबरमध्ये. पुस्तक त्यांनी किल्ल्यातल्या सोबत्यांना अर्पण केलंय, आणि तिथे तारखा दिल्यात, ९ ऑगस्ट १९४२ ते २८ मार्च १९४५. सुरुवातीच्याच पानांत ते चाँदबीबीची आठवण काढतात. बागेसाठी जमीन खणताना जुन्या भिंती आणि घुमटांचे माथे लागले, तेही सांगतात. आणि अगदी सुरुवातीला म्हणतात की आम्ही इथे आलो तेव्हा संध्याकाळच्या आकाशात नव्या चंद्राची कोर होती, शुक्ल पक्ष सुरू झाला होता.

एका रविवारी मला बसल्या बसल्या हुक्की आली. चंद्राच्या कला काढणारा छोटा प्रोग्रॅम माझ्याकडे होता. त्याला १९४२चा ऑगस्ट घातला. अमावस्या आली १२ ऑगस्टला. दुसऱ्या पद्धतीने ताडून पाहिलं, तेच. त्या १२ तारखेला जगात दुसरीकडे खंडग्रास सूर्यग्रहणही झालेलं आहे, आणि सूर्यग्रहण अमावस्येलाच होतं. म्हणजे ९ ऑगस्टच्या संध्याकाळी नगरला चंद्राची कोर दिसणं शक्यच नाही. तो वद्य पक्ष होता, आषाढाचा शेवट. कोर होती, पण पहाटेची, पूर्वेला. संध्याकाळची कोर दिसू शकली असती ती १३-१४ ऑगस्टला, श्रावण लागल्यावर.

माझी पहिली प्रतिक्रिया काय होती, सांगू? मी खूश झाले. नेहरूंची चूक सापडली! प्रोग्रॅमरला दुसऱ्याची चूक सापडली की सणच असतो. नवऱ्याला उठवून सांगितलं. तो म्हणाला, "मग? तू काय करणार, त्यांना मेल पाठवणार?"

नंतर शांतपणे विचार केला. ज्याने वीस महिन्यांनी, बंद भिंतींच्या आत बसून हे लिहिलं, त्याच्याकडे तारीख अचूक होती. ती कागदोपत्रीच होती. चंद्र मात्र त्याच्या आठवणीतला होता. पहिले काही दिवस अंगणातून आकाश बघताना जी कोर दिसली असेल, ती आठवणीत अलगद सरकून पहिल्या दिवसावर येऊन बसली. त्याला खोटं म्हणायला माझी जीभ रेटेना. आपल्या सगळ्यांच्या आठवणी अशाच सरकतात. आता जेवताना आपण सहलीच्या गोष्टी सांगू, तेव्हा बघा. एकाची सहल भंडारदऱ्याला जाईल, त्याच सहलीतला दुसरा देवगडला पोचलेला असेल.

हे सगळं आज का सांगते आहे, तर ती वही.

या मेळाव्याची यादी करायचं काम माझ्याकडे आलं. साहजिकच. शाळेतून १९९५च्या बोर्डाच्या निकालाची प्रत मिळाली. ५८ नावं. ती मी एक्सेलमध्ये टाकली, एकेकाचा फोन नंबर मिळवत गेले, ग्रुप काढला, नाव ठेवलं 'दहावी १९९५'. दोन महिन्यांत ५५ माणसं सापडली. सगळ्यांनी माझी पाठ थोपटली. मीही थोपटून घेतली.

जुलैमध्ये सावेडीच्या घरी आले होते. आई माळा आवरत होती. ट्रंकेतून ती दोनशे पानी वही निघाली. मी पान पान वाचत बसले. एका पानावर माझं अक्षर, पुढच्या पानावर तिचं. माझं अक्षर, तिचं अक्षर. असं ९ ऑगस्ट १९९३पर्यंत. त्या पानावर दोघींचं आहे, माझी ओळ, लाल गोल केलेली 'ती', आणि खाली किल्ल्याची ओळ. त्यापुढच्या पानावर माझं अक्षर. त्याच्या पुढच्या पानावर माझं. वही संपेपर्यंत माझंच.

मी वही मिटवून बसले. माझ्या यादीत तिचं नाव नव्हतं. ५८ नावं मी किमान पन्नास वेळा वर-खाली केली होती. कोण नाही, हे माझ्या एकदाही लक्षात आलं नव्हतं. जी मुलगी माझ्याबरोबर एकाच वहीत लिहायची, तीसुद्धा.

मित्रांनो, यात कॉम्प्युटरची चूक काहीच नाही. त्याला मी जे विचारलं, त्याचं उत्तर त्याने दिलं. मी विचारलं, १९९५ला दहावी कोण झालं? मी विचारायला हवं होतं, आपल्या वर्गात कोण बसत होतं? पेपरातल्या चौकटीत किल्ला नव्हता, तसंच माझ्या यादीत ती नव्हती. आणि या वेळी चौकट छापणारी मीच होते.

दुसऱ्या दिवशी शाळेत गेले. सध्याच्या मुख्याध्यापकांनी परवानगी दिली आणि मी जनरल रजिस्टर पाहिलं. तेव्हाच ते १ जूनचं कळलं. पाचवीपासून आपल्याबरोबर असलेली, पण निकालाच्या यादीत नसलेली अकरा नावं निघाली. शेवटच्या रकान्यात शाळा सोडल्याची कारणं. 'बदली', 'बदली', कारण आपल्याकडे लष्करातल्या लोकांची मुलं बरीच होती. 'परगावी'. आणि काहींसमोर एवढंच, 'सतत गैरहजर, नाव कमी केले.'

तिच्या नावापुढे तेच होतं.

तिचा नंबर मिळायला आठवडा गेला. ती आता श्रीगोंद्याला असते. मी फोनवर नाव सांगितलं. क्षणभर शांतता. मग ती म्हणाली, "फळ्यावर लिहायचीस ती?"

मी मेळाव्याचं सांगितलं. ती म्हणाली, "अगं, तो दहावीवाल्यांचा. मी नववीतून गेलेली. मी कशाला येऊ?"

त्या वेळी काय झालं होतं, ते तिने मला सांगितलं, आणि इतपत तुम्हाला सांगायची परवानगीही दिली. आई आजारी पडली. धाकटे दोन भाऊ होते. घरात करणारं दुसरं कुणी नव्हतं. आधी आठवडाभर, मग महिनाभर, मग शाळा राहूनच गेली. आमच्यापैकी कुणी घरी चौकशीला गेलं नाही. मीसुद्धा नाही. भिंगार किती लांब आहे हो इथून? मी सायकलवर दर रविवारी मावशीकडे त्याहून लांब जात होते.

पुढे तिने १७ नंबरचा फॉर्म भरून दहावी केली. पास झाली त्या वर्षी तिची मुलगी सातवीत होती. दोघी एकाच टेबलावर अभ्यासाला बसायच्या. "भूमितीत मला तीच शिकवायची," असं म्हणाली. गणितात कितीचं काठावर सुटणं झालं तेही सांगितलं, पण ते मी सांगणार नाही, सर समोर आहेत.

मी तिला म्हटलं, "वहीत तुझं शेवटचं अक्षर ९ ऑगस्टचं आहे. तोच तुझा शेवटचा दिवस असणार."

ती म्हणाली, "नाही गं. मी १५ ऑगस्टला आले होते. झेंडावंदन झालं, पेढा मिळाला. मी तो रुमालात बांधून आईला नेला. मला चांगलं आठवतंय."

तुम्हाला खरं सांगते, माझ्या तोंडावर आलं होतं की थांब, हजेरीपट बघून सांगते. शाळेत जुने हजेरीपट असतील, तर एका फोनचं काम होतं. वहीतली तारीख आणि रुमालातला पेढा, दोन्ही खरं असू शकतं. फळा तिने ९ तारखेनंतर लिहिला नसेल आणि झेंडावंदनाला आली असेल. किंवा तो पेढा आठवीतल्या १५ ऑगस्टचा असेल आणि सरकून इथे आला असेल, नेहरूंच्या चंद्रासारखा. मी हजेरीपट मागवला नाही. ज्या वर्षी आम्ही कुणी तिची चौकशी केली नाही, त्या वर्षीची चौकशी आता बत्तीस वर्षांनी करायचा मला हक्क नाही, असं वाटलं. तिचा शेवटचा दिवस १५ ऑगस्ट. वहीत मी तसं लिहून ठेवलंय.

अकरापैकी सहा जण सापडले. त्यांतले चार आज इथे आले आहेत. एक मित्र आता या जगात नाही, ते त्याच्या भावाने सांगितलं. सुरुवातीला आपण जी श्रद्धांजली वाहिली, त्यात सर, मंडळींनी त्याचं नाव घेतलं, त्याबद्दल मी आभारी आहे. आणि चार जणांचा पत्ता अजून लागलेला नाही.

तुमच्या हातात जी स्मरणिका येईल, तिच्या शेवटी नावांची यादी आहे. ५८ ऐवजी ६९. 'दहावी उत्तीर्ण' असा एक रकाना मी केला होता, तो काढून टाकला. ग्रुपचं नावही बदललंय, 'दहावी १९९५' ऐवजी 'आपला वर्ग'. काही जणांनी विचारलं, "मधेच नाव का बदललंस?" त्यांना हे उत्तर.

शाळेच्या सध्याच्या मुलांनी दिनविशेषाचा फळा आजही ठेवलाय, बघितलात का? आता जिन्याखाली नाही, दारात आहे. आज रविवार, म्हणून तो कोरा होता. मी आल्या आल्या खडू मागून घेतला. मौलाना आझादांनी आपल्या किल्ल्यातून मित्राला पत्रं लिहिली. ती पाठवता येत नव्हती, तरी लिहिली. पुढे त्यांचं 'गुबार-ए-खातिर' पुस्तक झालं. त्यांतल्या एका पत्रावर तारीख आहे १० ऑगस्ट १९४२, किल्ला अहमदनगर. ती ओळ मी लिहिली. वर वेलस्लीच्या तोफांची लिहिली. मग खडू तिच्या हातात दिला. ती म्हणाली, "मी काय लिहू?" मी म्हटलं, "पेपरात नसलेलं काहीही."

तिने काय लिहिलं ते जाता जाता वाचा. आणि बुरूजही बघा. बत्तीस वर्षांत तिच्या बुरुजात काडीची सुधारणा नाही, अजूनही उलटी बादलीच.

शेवटी एक काम. ज्या चार जणांचा पत्ता लागलेला नाही, त्यांची नावं जेवणाच्या मंडपात, भजीच्या टेबलाशेजारी कागदावर लावली आहेत. तिथे लावली म्हणजे सगळ्यांच्या नजरेला पडतील. कुणाचं गाव, कुणाच्या भावाचं दुकान, कुणी शेवटचं कुठे पाहिलं होतं, जे आठवेल ते समोर लिहा. तारीख चुकली तरी चालेल. चंद्र चुकला तरी चालेल.

सर, बाई, तुम्ही एवढं शांतपणे ऐकून घेतलंत. शाळेत असताना मी इतका वेळ बोलले असते, तर तुम्ही मला वर्गाबाहेर उभं केलं असतं.